चेरीसकट अर्धं घर

सगळ्यात आधी आली ती रत्नाच. चैत्रातल्या हळदीकुंकवाला चारची वेळ दिली होती, ही त्याआधीच दारात, आणि हातात ना डबा ना फुलं, नुसती गाडीची किल्ली. म्हणाली, काकू, यावं की न यावं असं मनात चाललं होतं, तर म्हटलं लवकर जाऊन टाकावं. तीन वर्षं उंबरा ओलांडला नाही आणि म्हणे लवकर. मग हिमानी आली, जर्सी सिटीहून गाडी बदलत, भिजवलेले हरभरे घेऊन. पिशवी मांडीवर धरून आणली पोरीनं, सगळी जीन ओली. बाकीच्यांनी मेसेज केले. एकीला शेजाऱ्यांकडं ईस्टरचं जेवण, एकीची पोर तापली, आणि उरलेल्यांनी नुसते जोडलेले हात पाठवले. त्या हातांचा अर्थ मला कळतो.

तर रत्ना आणि हिमानी आत्ता माझ्यासमोर टेबलाशी बसल्यात, पन्हं पितायत, आणि मी हे पक्कं लिहितेय. कच्चं आठवडाभर पाठकोऱ्या कागदांवर लिहिलं. वकीलबाई म्हणाल्या, आजी, तुम्ही तुमच्या भाषेत मोकळेपणानं लिहा, त्याचं इंग्रजी आम्ही करून घेऊ, फक्त सही दोन साक्षीदारांदेखत करा. म्हणून या दोघी. साक्षीदार म्हणून बोलावलंय हे रत्नाला आल्यावर कळलं. तिला वाटलं नुसतं हळदीकुंकू.

मी, अनसूया दिनकर तावरे, वय वर्षे अठ्ठ्याहत्तर, मूळ राहणार फलटण, हल्ली राहणार एडिसन, न्यू जर्सी, शिक्षण चौथी, तेही पुरतं नाही कारण परीक्षेच्या दिवशी म्हैस व्यायली, राजीखुशीनं लिहून ठेवते की माझं डोकं ठिकाणावर आहे. जानेवारीत तोंड वाकडं झालं होतं आणि उजवा हात परक्याचा असल्यासारखा लोंबत होता. तो परत आला. अक्षर तिरकं दिसेल ते हातामुळं, मनामुळं नाही. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, असा झटका पुन्हा येऊ शकतो. कधी, ते त्यांनाही सांगता येईना. म्हणून हे आज. मला कुणी दमदाटी केली नाही, कुणी गोड बोलून फसवलं नाही. याआधी तोंडानं कुणाला काही देऊन टाकलं असेल तर ते रागात किंवा लाडात होतं, ते धरू नये.

एक. घर.

हे घर निम्मं माझं आहे. लोकांना खरं वाटत नाही, म्हणून कसं ते सांगते. आमचे हे गेल्यावर फलटणचं दुकान आणि वरची खोली विकली, आणि ते सगळे पैसे मी संजयला घर घ्यायला दिले. संजय माझा धाकटा. तो म्हणाला, मग आई, तुझं नाव कागदावर पाहिजे. मी म्हटलं, मला कशाला, मला तर रस्त्याचं नावसुद्धा वाचता येत नाही. त्यानं ऐकलं नाही. निम्म्यावर माझं नाव, निम्म्यावर त्याचं आणि सुवर्णाचं. सुवर्णा म्हणजे त्याची बायको. तीन वर्षांमागं ऑक्टोबरात संजय ऑफिसात बसल्याजागी गेला. दोन मुलगे वाढवले, त्यातला एक मी असताना गेला, याच्यापुढं काय लिहायचं ते मला येत नाही, म्हणून पुढं जाते.

माझा निम्मा हिस्सा मी माझी सून सुवर्णा संजय तावरे हिला देते. संपूर्ण देते, कायमचा देते. तिनं पुढं लग्न केलं तरी तिचा, नाही केलं तरी तिचा. विकला तरी तिचा. त्यात माझ्या थोरल्या मुलाचा, गिरीशचा, वा त्याच्या मुलाबाळांचा कसलाही हक्क राहणार नाही. परसातल्या झाडासकट.

हे वाक्य लिहिताना रत्ना माझ्या खांद्यावरून वाचत होती. ग्लास खाली ठेवला तिनं.

आता मला एवढी घाई का, ते सांगते. मार्च महिन्यात जिन्याखाली पुठ्ठ्याची खोकी दिसली. मला वाटलं रुचाची, कॉलेजची. रुचा ही संजयची मुलगी, माझी नात, तिच्याबद्दल पुढं येईलच. खोकी उघडून बघते तर संजयची पुस्तकं, त्याचा स्वेटर, भिंतीवरचं घड्याळ. सुवर्णानं आवरायला घेतलं होतं. मी काही विचारलं नाही, तिनंही सांगितलं नाही, पण कळलं. मी डोळे मिटले की माझ्या निम्म्या हिश्श्यात गिरीशचा वाटा निघणार, तो तो विकायला काढणार, आणि त्याचा हिस्सा विकत घेण्याची ताकद तिच्यात नाही. तिच्या ऑफिसात दर दोन महिन्यांनी माणसं कमी करतात. म्हणून ती आधीच निघायच्या तयारीत. माझ्याशी रोज हसून बोलते, गोळ्या देते, केस विंचरते, आणि जिन्याखाली खोकी भरते. मला त्या दिवसापासून झोप नाही.

गिरीशला मी लपवून काही केलं नाही. गेल्या रविवारी त्याच्याकडं फ्रीमाँटला फोन लावला आणि सांगितलं. तो म्हणाला, "आई, मी काय परका आहे का?"

मी म्हटलं, "परका नाहीस म्हणून फोन केला. परक्याला वकिलाचं पत्र जातं."

मग त्यानं त्याचं म्हणणं मांडलं, आणि ते अगदीच खोटं नाही. सुवर्णा सेहेचाळीस वर्षांची आहे, उद्या तिनं संसार थाटला तर बाबांच्या दुकानाचं घर दुसऱ्याच्या घशात. शिवाय मी त्याच्याकडं जाऊन राहावं, तिथं थंडी नाही, तो माझं सगळं करील. करील, मला माहीत आहे. पण मी विचारलं, आणि सुवर्णा कुठं राहील? तो म्हणाला, तिचं ती बघेल, शिकलेली आहे. हे त्यानं वाईट मनानं म्हटलं नाही. पण म्हटलं. मग फोन ठेवला. नंतर सुमेधाचा, म्हणजे त्याच्या बायकोचा, मेसेज आला की ह्यांचं बीपी वाढलंय. तेव्हापासून फोन नाही.

दोन. झाड, आणि त्याचा इतिहास, कारण तो न सांगता झाड दिलं तर कुणीतरी ते तोडेल.

संजयनं घर घेतलं त्याच्या पुढच्या वसंतात हे लावलं. त्याआधी तो मला न्यूअर्कच्या बागेत घेऊन गेला होता, चेरी फुललेली बघायला. मी म्हटलं, चेरीची बाग, मग मुरंबा करू, आणि घरी येऊन चिनी मातीची बरणी धुऊन उन्हात ठेवली. सगळे हसले. ही शोभेची चेरी, हिला फळ धरत नाही, धरलंच तर पाखरालाही नको असतं. मला राग आला. एवढं फुलायचं आणि फळ नाही, हा काय न्याय. पण दर एप्रिलला तो मला नेत राहिला आणि एकेक जात शिकवत राहिला. आधी येते ती ओकामे, गडद गुलाबी, घाईची, थंडीतच नटून बसते आणि एका पावसात उतरते. मग योशिनो, जवळजवळ पांढरी, गुलाबीची नुसती सय असलेली. शेवटी क्वांझान, फुलात फूल, झेंडूसारखी गच्च, आणि ती मुळीच मुरकत नाही, फांदीभर लगडते. आमच्या समोरच्या रस्त्याला दोन्ही बाजूंनी क्वांझान आहे. मे महिन्यात पाकळ्यांनी गटाराचं तोंड तुंबतं, ते सुवर्णानं दरवर्षी खराट्यानं मोकळं करावं, नाहीतर तळघरात पाणी येतं. एक पिवळट पोपटी फुलांचीही असते, उकोन नावाची, ती बागेत एकच दिसली आणि मी तिच्याखालून हलेना. संजय म्हणाला, आई, चल, पार्किंग संपलं. चौथी नापास बाईला एवढी नावं येतात ते त्याच्यामुळं.

आमच्या परसात त्यानं लावली ती लोंबती. सरळ खोड आणि वरून चारी बाजूंना फांद्या खाली, पार गवतापर्यंत. ही कलमी असते. खोड एका रानटी चेरीचं, आणि माथ्यावर लोंबतीचं कलम. सांध्यावर गाठ दिसते, मनगटासारखी.

आता वटपौर्णिमेचं. इथं वड नाही. बायका फांदीच्या फोटोची पूजा करायच्या, एकीनं तर टीव्हीवर वड लावला होता. आमची लोंबती तीन-चार वर्षांची झाली आणि रत्नाच म्हणाली, काकू, ह्या फांद्या बघा, पारंब्याच की. झालं. त्या जूनपासून सगळ्यांची वटपौर्णिमा आमच्या परसात. साड्या नेसून बायका यायच्या, शेजारचे गोरे लोक डेकवर खुर्च्या टाकून बघायचे. फणस डब्यातला, आंबे मेक्सिकोचे, पण हसणं खरं. पहिल्या वर्षी पूजेचा सुती दोरा गुंडाळला तो पावसात तुटला. रत्नाला ते लागलं. नवऱ्याच्या आयुष्याचा दोरा, तुटलेला कसा चालेल. पुढच्या वर्षी तिनं क्राफ्टच्या दुकानातून पिवळा चकचकीत दोरा आणला, मोठं रीळ. न तुटणारा. बर्फ पडला, वितळला, दोरा तसाच. सगळ्यांना किती कौतुक. दरवर्षी त्यावर नवीन फेऱ्या, पदराच्या उंचीवर. जुना कुणी काढला नाही. तो काढायचा नसतो.

सुवर्णा दरवर्षी सगळ्यांच्या शेवटी फेऱ्या घालायची, कारण आधी बाकीच्यांना वाढायची.

संजय गेला. पुढच्या एप्रिलला लोंबती निम्मीच फुलली, दुसऱ्या बाजूच्या फांद्या कोरड्या. आणि देवळात महाप्रसादाच्या रांगेत रत्ना कुणाला तरी म्हणाली की ज्या झाडाला दोरा बांधून नवरा टिकला नाही, त्याला आता कोण फेऱ्या घालणार, आणि झाडही बघा कसं वाळलंय, घरातलंच काहीतरी असणार. मला हे तिसरीकडून कळलं. सुवर्णाला त्याच दिवशी कळलं, ती त्याच रांगेत चार माणसं मागं होती. त्या जूनला परसात कुणी आलं नाही. रत्नाच्या हॉलमध्ये कुंडीतला वड ठेवतात, बायका सोफ्याला वळसा घालून फिरतात. फिरोत. पण तेव्हापासून सुवर्णा परसात जात नाही. स्वयंपाकघराच्या त्या बाजूच्या खिडकीचा पडदा ती सरकवत नाही. घरातलंच काहीतरी, हे तिनं धरलं. मी हज्जारदा सांगितलं, ती हो म्हणते. हो म्हणणं आणि मानणं यात किती अंतर असतं ते सासवांना कळतं.

गेल्या वसंतात लोंबतीचा माथा पुरता वाळला. तोडायला माणूस बोलावणार, तेवढ्यात रुचा कॉलेजातून आली होती. ती सहज खोडाला हात लावून उभी, आणि दोऱ्याखाली नख घालायला बघते तर नख जाईना. दोरा सालीच्या आत गेलेला. वर साल बांगडीसारखी सुजलेली, खाली दबलेली. म्हणाली, "आजी, इट्स चोकिंग. झाडाचा गळा आवळलाय गं कोणीतरी." मी तिला तिच्या आजोबांच्या हत्यारांतली पक्कड दिली. ती ओढत होती आणि मी कात्रीनं कापत होते, पिवळा दोरा, वर्षावर वर्षं, एकात एक रुतलेला. शेवटी हातभर गुंडा निघाला. झाड वरून मेलं ते दोऱ्यानं. घरातल्या कुणामुळं नाही. दोऱ्यानं.

वरचा वाळका भाग काढला. पण दोऱ्याच्या खालून, रानटी खोडातून, हिरवे फोक आधीच निघाले होते, सरळ, आभाळाकडं. ते लोंबत नाहीत, ते त्यांच्या जातीतच नाही. गिरीशला फोटो पाठवला तर म्हणाला, आई, हे जंगली आहे, याला काही किंमत नाही, काढून टाक, मी नवीन लोंबती पाठवतो. मी काढलं नाही. आणि या आठवड्यात ते फुललंय. पांढरं, साधं, पाच पाकळ्यांचं, एकेरी. न्यूअर्कच्या बागेत याच्याकडं कुणी मान वळवून बघणार नाही. मी सकाळपासून रात्रीपर्यंत बघते. रुचानं फोनवर शोधून सांगितलं की या जातीला फळ धरतं, बारीक, काळं, कडवट. धरेल की नाही माहीत नाही. पण धरू शकतं. चौदा वर्षं जे झाड वरच्याला पाजत राहिलं त्याला शेवटी स्वतःचं फूल आलं, यात मला एवढा आनंद झाला की मी त्या दिवशी गोळी घ्यायची विसरले.

म्हणून लिहिते: हे झाड कुणी तोडू नये. वरच्या कलमासाठी खालचं मारू नये. या झाडांचं आयुष्य फार नसतं. ते आपणहून जाईल तेव्हा जाईल. मग रुचानं तिला आवडेल ती जात लावावी, फक्त कशालाही काही बांधू नये.

तीन. हत्यारं.

आमच्या ह्यांचं सायकलचं दुकान होतं. पाने, पक्कड, हातपंप, आणि पंक्चर बघायचं घमेलं, हे सगळं गिरीशला. घमेल्याला सुमेधा नाक मुरडेल, मुरडू दे. त्या पाण्यात ट्यूब धरली की बुडबुडा कुठून येतोय ते गिरीशला डोळे मिटून कळायचं, दुसरीत होता तेव्हा. संजयला ते शेवटपर्यंत जमलं नाही. पक्कडीच्या दातांत झाडाची साल अडकली आहे, ती धुऊ नये. गिरीश, बाळा, तुला घर दिलं नाही म्हणजे तुला कमी मोजलं असं नाही. तुला घर आहे. तिला नाही. एवढं साधं आहे, आणि हे साधं मला तुला फोनवर सांगता आलं नाही, कारण तू ठेवलास.

चार. दागिने आणि साठलेले.

बोरमाळ रुचाला. ती म्हणते आजी, हे मी कधी घालणार. घालू नकोस, पण मोडू नकोस. मी इथल्या लोकांची बाळं सांभाळून जे काही बँकेत साठवलं तेही तिलाच, शिकायला. माझी ही नात झाडांचं शिकणार म्हणते. सुवर्णाला काळजी, की झाडांवर पोट भरतं का. मला काळजी नाही. जिच्या नखाला एवढं कळलं, तिच्या हाताला विद्या लागणारच.

पाटल्या सुमेधाला. फ्रीमाँटला मी महिनाभर राहिले होते. तिचं घर इतकं स्वच्छ की माझी सावली फरशीवर पडल्याची मला लाज वाटायची. मी बरोबर नेलेला काळा मसाला तिनं वास येतो म्हणून गॅरेजात ठेवला, आणि येताना डबा परत दिला, घासून, रिकामा. मी हे विसरले नाही. तरी पाटल्या तिलाच, कारण गिरीशचं पथ्यपाणी ती करते आणि कधी बोलून दाखवत नाही.

चिनी मातीची बरणी सुवर्णाला. फलटणहून मांडीवर आणलेली. रिकामीच आहे.

पितळी परात कुणालाच लिहीत नाही. तिच्यावर रत्नाचा कधीपासून डोळा, पण वकीलबाई म्हणाल्या की साक्षीदाराला काही ठेवू नये. म्हणून तर रत्नाला साक्षीदार केलं, असं मी आत्ता मोठ्यानं वाचून दाखवलं आणि हिमानीला पन्ह्याचा ठसका लागला. रत्ना नाही हसली. परात मी तिला आज हातानं देतेय, जिवंतपणी. ती मृत्युपत्रात धरू नये.

पाच. दोऱ्याचा गुंडा.

हे कच्च्यात नव्हतं. आत्ता घडलं म्हणून लिहिते.

झाडातून काढलेला गुंडा मी डब्यात ठेवला होता. रत्नानं दुसरं कलम वाचलं तेव्हा ती म्हणाली, काकू, तुम्ही असं कसं लिहिता, मला काय माहीत बाप्पा. मी उठून डबा आणला आणि टेबलावर, हरभऱ्यांच्या शेजारी ठेवला. तिनं ओळखला. पिवळा रंग थोडा उडालाय, पण चकाकी आहे. काही धाग्यांना साल चिकटलेली. हिमानीनं हात मागं घेतला.

रत्ना त्याच्याकडं बघत राहिली. मग म्हणाली, "तुटू नये म्हणून आणला होता मी."

मी म्हटलं, "तुटला नाहीच."

तिच्या नवऱ्याचं मागं मोठं ऑपरेशन झालं होतं, दोरा आणला त्याच वर्षी. हे मला माहीत होतं, आणि हेही कागदावर असावं, म्हणजे वाचणाऱ्याला तिचा राग येणार नाही. तिनं वाईट काही केलं नाही. भ्याली होती. भ्यालेली बाई घट्ट बांधते. पण रांगेत जे बोलली ते भिऊन नव्हतं, ते बोलणं तिला परत घ्यावं लागणार होतं, आणि ते माझ्याकडं नव्हे.

मी म्हटलं, सुवर्णा वर आहे. रविवार असून लॅपटॉप उघडून बसली आहे. हळदीकुंकू म्हटलं की ती वरच असते.

रत्ना उठली. जिन्यावर तिचे गुडघे वाजतात, ते ऐकू येत होते. वर काय बोलणं झालं ते मला माहीत नाही. हिमानी म्हणाली, काकू, मी बघून येऊ का, आणि मी तिला बसवलं. बऱ्याच वेळानं दोघी खाली आल्या. रत्नाचे डोळे लाल. आणि साक्षीदारानं बोलायचं नसतं, पण तिनं वर जाऊन सगळं बोलून टाकलेलं, कारण सुवर्णा आली ती थेट माझ्यापाशी.

"आई, मला विचारायचं तरी होतं. गिरीशभाऊजी जन्मभर बोलतील मला."

मी म्हटलं, "बोलू दे. विचारलं असतं तर तू नको म्हणाली असतीस. मग मी कुठं गेले असते?"

तिनं हा कागद माझ्या हातातून घेतला आणि उभ्यानं वाचला, पहिलं कलम, मग दुसरं. दुसऱ्याला वेळ लागला. मग खिडकीपाशी गेली आणि पडदा सरकवला. उन्हं उतरतीची होती. पांढरं झाड समोर.

रत्ना तेवढ्यात चांदीचा करंडा घेऊन पुढं आली. बोटाला कुंकू लागलेलं, आणि हात मध्येच थांबलेला. लावावं की नाही, कळेना तिला. सुवर्णानं करंडा तिच्या हातातून काढून घेतला. म्हणाली, "घर माझं म्हणताय ना सगळे? मग माझ्या घरी आलेल्यांना कुंकू मी लावणार." आणि तिनं रत्नाला लावलं, हिमानीला लावलं, मला लावलं. मी विधवा, मला तीस वर्षांत कुणी लावलं नव्हतं. तिनं स्वतःला लावलं का, ते मी लिहिणार नाही. ते तिचं तिच्याकडं.

हरभऱ्यांनी ओट्या भरल्या. रत्ना म्हणाली, जूनला परसात यायचं का, कुंडीतला वड यंदा तसाही मान टाकून बसलाय. सुवर्णा म्हणाली, या. फेऱ्या मी घालणार नाही, तुम्ही घाला. पण दोरा आणायचा नाही. ज्याला त्याला एकेक तांब्या पाणी, मुळापाशी. एवढंच. रत्ना हो म्हणाली.

गुंडा कचऱ्यात जाईल. कुणालाही देत नाही.

सहा. माझं.

मी गेल्यावर माझं तोंड इथल्या पद्धतीनं रंगवू नये, साडी जुनी चालेल. राख झाडाला घालू नये. फोक कोवळे आहेत आणि मी खारट. नीरा नदीला न्यायची तर गिरीशनं न्यावी, थोरला आहे, आणि तेवढ्यासाठी तरी त्यानं सुवर्णाला फोन करावा लागेल. हे मी मुद्दाम ठेवलंय.

या कागदाची अंमलबजावणी रुचा संजय तावरे हिनं करावी. ती तापट आहे पण लबाड नाही. तिच्या काकानं आवाज चढवला तर तिनं चढवू नये, त्याला पाणी द्यावं आणि हे वाचून दाखवावं.

मनात एक भीती आहे ती लिहून मोकळी होते. कागदानं घर राहतं, माणसं राहतीलच असं नाही. जिन्याखाली खोकी अजून आहेत. सुवर्णानं ती आज उघडली नाहीत, पण फेकलीही नाहीत. माझ्यानं एवढंच झालं.

वरील सर्व मजकूर मी स्वतः लिहिला, रत्ना व हिमानी या दोघींना मोठ्यानं वाचून दाखवला, आणि त्या दोघींनी एकमेकींसमोर व माझ्यासमोर सह्या केल्या. या दोघींना यातलं काही मिळत नाही, रत्नाची परात यातली नव्हे.

अनसूया दिनकर तावरे (सही, उजव्या हातानं)

साक्षीदार पहिली: रत्ना विलास ढोबळे, एडिसन, मूळ नागपूर. सही.
साक्षीदार दुसरी: हिमानी अभय केतकर, जर्सी सिटी, मूळ पुणे. सही.

ठिकाण: एडिसन, न्यू जर्सी, परसाकडच्या खिडकीपाशी.
तारीख: २० एप्रिल २०२५, रविवार, चैत्र वद्य.

सह्या झाल्यावर दोघी निघाल्या. परात रत्नाच्या गाडीत मागच्या सीटवर, पट्टा लावून. दारात म्हणाल्या, वटपौर्णिमेला नक्की. मी म्हटलं, शनिवार-रविवार बघून नाही, तिथीलाच. गिरीशला मी आत्ताच मेसेज करून त्याच दिवशी ये म्हणून कळवलंय, त्याचं उत्तर अजून नाही. त्या दोघींनी फोनमध्ये टाकून घेतलं: दहा जून, मंगळवार.